घर धाकटीच्या नावावर

चादर अर्धी पिळून झाली होती. चादर पिळणं हे तसं दोन माणसांचं काम. एकाने इकडून पीळ द्यायचा, दुसऱ्याने तिकडून, आणि पाणी पायांवर गळायला लागलं की दोघांनी एकमेकांवर ओरडायचं. आजवर पलीकडच्या टोकाला धाकटी असायची. आता अक्काने ते टोक मोरीतल्या नळाला गाठ मारून बांधलं होतं. नळ चादर घट्ट धरून होता, धाकटीपेक्षाही घट्ट. पण "अगं अक्का, चादर पिळतेस की माझे हात?" असं तो काही म्हणत नव्हता.

अक्काला जन्मापासून दिसत नव्हतं. त्याचं तिने कधी भांडवल केलं नाही आणि कधी रडगाणंही गायलं नाही. देवाने डोळे द्यायचे टाळले आणि त्या जागी बोटांना अक्कल दिली, एवढाच तिचा हिशोब. वेताच्या खुर्च्यांच्या बैठका विणणं हा बाबांचा धंदा. तो बाबांनी दोन्ही मुलींना शिकवला, पण हात बसला तो अक्काचाच. टबात भिजवलेली वेताची पट्टी हातात घेतली की तिची चकचकीत बाजू कुठली, ती कुठे चिरलेली आहे, हे तिला पट्टी नुसती सरकवताना कळे. खुर्ची मधे ठेवायची. वरून अक्काने पट्टी भोकात घालायची, खाली जमिनीवर बसून धाकटीने ती ओढायची, ताणायची, खुंटी ठोकायची. वर अक्का, खाली धाकटी. त्यात धाकटीची बडबड. "वरच्या मजल्यावरच्या बाई, जरा लवकर सोडा, खालच्या भाडेकरूला भूक लागलीये!"

आणि एक दिवस खालून पट्टी ओढली गेलीच नाही. छातीत कळ आली म्हणाली, पाणी दे म्हणाली. अक्काने पाणी आणेपर्यंत बोलणं संपलेलं होतं.

त्या गोष्टीनंतर अजून ऋतूही पालटला नव्हता. अर्धी विणलेली खुर्ची तशीच कामाच्या खोलीत आडवी पडलेली होती. आणि अक्का मोरीत चादरीला पीळ देत होती तेव्हा पुढच्या दारात बूट वाजले.

गल्लीतल्या प्रत्येकाच्या चपला अक्काच्या ओळखीच्या. हे बूट अनोळखी. उंबऱ्याशी थांबले, मग आत आले.

"ताई, आहात का घरात?"

आवाज मात्र ओळखीचा निघाला. धाकटीच्या लग्नात ऐकलेला होता. धाकटीचा दीर. नवरा गेल्यावर ज्याने धाकटीच्या हातात एक पिशवी दिली होती आणि मागून दाराला कुलूप लावलं होतं, तोच.

अक्काने ओले हात पदराला पुसले आणि पुढे आली. "या पाहुणे. वाट चुकलात का?"

"तसं नाही ताई. वहिनी गेल्याचं उशिरा कळलं."

"उशिरा का होईना, कळलं ना. बसा. त्या आडव्या खुर्चीवर नका बसू, तिला बूड नाहीये."

दीर बसला नाही. बोलता बोलता तो खोलीतून चालायला लागला. या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत, मग दारापासून मागच्या चौकटीपर्यंत, एकसारखी पावलं टाकत. अक्काला आधी वाटलं, माणूस अस्वस्थ आहे, भावजयीच्या घरात पहिल्यांदा आलाय, मनाला लागत असेल. मग तिच्या लक्षात आलं. तो खोली मोजत होता.

"काय हवंय, पाहुणे?" तिने विचारलं.

दीर थांबला. घसा खाकरला. "हे बघा, मी भांडायला आलेलो नाही. घर वहिनीच्या नावावर होतं. वहिनीला मूलबाळ नाही, दादा आधीच गेला. अशा वेळी बाईची मालमत्ता नवऱ्याच्या वारसांकडे जाते. आमच्यात आता मी एकटाच उरलोय. मी विचारून आलोय सगळं."

"घर माझ्या बाबांचं आहे," अक्का म्हणाली.

"होतं," दीर म्हणाला. आवाज चढवला नाही, उलट उतरवलाच. "तुम्हाला मी वाऱ्यावर सोडणार नाही, ताई. काहीतरी सोय बघतोच."

तो जाताना बिस्किटांचा पुडा ठेवून गेला. अक्काने तो उचलून खिडकीत ठेवला, पक्ष्यांना की मुंग्यांना, जो आधी येईल त्याला. मोरीत चादर नळाला लटकून टपटपत राहिली.

*

समोर इस्त्रीचं दुकान होतं. दुकान चालवणारी बाई सगळ्या गल्लीची इस्त्रीवाली, आणि अक्काची मैत्रीण. तिचा स्वभाव तिच्या इस्त्रीसारखा, जिथे टेकेल तिथे चटका. ऐकल्या ऐकल्या तिने इस्त्री उभी केली.

"कोण तो? कुलूपवाला? त्याची जीभ रेटली कशी, हे बोलायला? आणि तू काय केलंस, बसा म्हणालीस!"

"घरी आलेल्याला बसाच म्हणतात."

"मी असते तर गरम इस्त्रीवर बस म्हटलं असतं. चल, वकीलबाईंकडे जाऊ. त्यांच्या खुर्च्या तूच विणल्यास ना? आता तरी त्या खुर्च्यांचा उपयोग होऊ दे."

अक्काने इस्त्रीवालीच्या खांद्यावर हात ठेवला. हा खांदा धाकटीच्या खांद्यापेक्षा उंच होता आणि चालताना वर-खाली होत होता, त्यामुळे रस्ता सारखा चढ-उताराचा वाटत होता. धाकटी चालताना सांगत जायची, "आता खड्डा, आता कुत्रा झोपलंय, आता तुला न आवडणारी काकू येतीये, हस जरा." इस्त्रीवाली नुसती दिराला शिव्या देत चालली. दोनदा अक्काचा अंगठा ठेचकाळला.

वाटेत तिच्या मनात एकच गोष्ट घोळत होती. बाबांनी हे सगळं किती विचार करून केलं होतं.

बाबांचा एक चुलता होता. तोही जन्मांध. बाबा लहान असताना घरात वाटण्या झाल्या, तेव्हा मोठी माणसं बसली आणि म्हणाली, जन्मांधाला वाटणी नसते, तसा नियमच आहे. चुलत्याने हो म्हणून मान हलवली. त्यानंतर तो आयुष्यभर या भावाच्या ओसरीवर, त्या भावाच्या ओसरीवर जेवत राहिला, आणि ज्याच्या ओसरीवर असेल त्याच्या बायकोच्या मर्जीने. बाबांनी ते बघितलं होतं. मग त्यांना पहिली मुलगी झाली, ती अक्का.

धाकटी पिशवी घेऊन माहेरी परत आली तेव्हा आई कधीच गेलेली होती आणि बाबा थकले होते. एक दिवस विणता विणता ते अक्काला म्हणाले, "पोरी, माझ्यामागे तुला हे घर कायद्याने मिळायचं नाही. तुझं असं आहे म्हणून. मी काही न करता गेलो, तर कोणीतरी उठेल आणि म्हणेल, आंधळीला कसला वाटा. त्यापेक्षा मी हयात असतानाच घर धाकटीच्या नावे बक्षीस लिहून देतो. मग कोणाला तोंड उघडायला जागा नाही. धाकटी तुला टाकणार नाही."

"मी बरी टाकीन!" धाकटी खुर्चीखालून म्हणाली होती. "मला स्वयंपाकाचा कंटाळा आहे."

तिघेही हसले होते. बाबा जाऊन बक्षीसपत्र करून आले आणि त्यांनी कुणालाही काहीही विचारलं नाही. विचारायचं तर परक्या माणसासमोर म्हणावं लागलं असतं की माझी मुलगी आंधळी आहे, आणि ते शब्द बाबांनी जन्मात तोंडातून काढले नव्हते. त्यांनी अक्काला कधी काठीसुद्धा घेऊ दिली नाही. "काठी घेतली की लोक आधी काठी बघतात," म्हणायचे. घरात भिंती आहेत, बाहेर बहीण आहे. काठी कशाला?

*

वकीलबाईंच्या ऑफिसात जुन्या कागदांचा आणि चहाचा वास होता. अक्काला खुर्ची दिली. ती बसली आणि सवयीने बैठकीखालून बोटं फिरवली.

"आमचीच," ती म्हणाली. "ही धाकटीची गाठ. तिच्या गाठी नेहमी जाड. बाबा ओरडायचे."

वकीलबाईंनी कागद-पेन पुढे ओढलं. मग त्यांनी सगळं विचारून घेतलं. घर कुणाचं, कुणी कधी लिहून दिलं, धाकटीने मृत्युपत्र केलं होतं का.

"ती म्हणायची, माझ्यामागे अक्का आणि अक्कामागे देव. कशाला कागद हवेत?"

"अक्का," वकीलबाई म्हणाल्या, "मी जे सांगणार आहे ते ऐकायला कठीण आहे. पण खोटा धीर देणं मला जमत नाही. बाईचं घर तिच्यामागे आधी तिच्या मुलांना आणि नवऱ्याला जातं. ते कुणी नसतील तर नवऱ्याच्या वारसांना. आईबापाकडची माणसं त्यांच्याही मागून येतात. दिराने जे सांगितलं ते बरोबर आहे."

"अहो पण घर बापाचं!" इस्त्रीवाली म्हणाली. "सासरच्यांनी एक वीट तरी लावली का?"

"बापाकडून वारशाने आलं असतं, तर कायदा ते परत बापाच्याच वारसांकडे वळवतो. तशी तरतूद आहे. पण हे वारशाने आलेलं नाही. बाबांनी हयातीतच बक्षीस दिलं. बक्षीस म्हणजे वारसा नव्हे. ते धाकटीचं स्वतःचं झालं, आणि तिथून ते सासरच्या वाटेला लागलं."

अक्काने हळूच विचारलं, "बाबांनी काहीच केलं नसतं तर?"

वकीलबाईंनी कप खाली ठेवला. बशीत चमचा वाजला.

"तर अर्धं घर तेव्हाच तुमचं झालं असतं. आणि धाकटीचं अर्धं, ते बापाकडून वारशाने आलेलं म्हणून, आता तुमच्याकडे आलं असतं. सगळं घर तुमचं."

"पण मला मिळत नाही ना, मी आंधळी म्हणून? म्हणून तर बाबांनी..."

"नाही हो. आजार, व्यंग, आंधळेपणा, कशामुळेही वारसा जात नाही. तो जुना नियम तुमच्या जन्माच्या आधीच गेला. बाबांच्या त्या चुलत्यांच्या वेळीसुद्धा बहुधा गेलेलाच होता. पण घरातल्यांना कोण सांगणार, आणि त्यांना ऐकायचं तरी कुठे होतं?"

ऑफिसातला पंखा फिरत होता. त्याचं एक पातं कशाला तरी घासत होतं. अक्का त्याच्याकडे कान देऊन बसून राहिली, कारण दुसरं काही ऐकायला नको वाटत होतं. तो चुलता ओसरीवर बसलेला. ज्याने मान हलवली. त्याचाही वाटा होताच म्हणजे. आणि बाबा, ज्यांना पट्टी नीट न बसलेली खुर्ची घराबाहेर जाऊ द्यायची नाही एवढी काळजी, ते आयुष्यभर एका नसलेल्या नियमाला घाबरत राहिले.

"आणि तो?" तिने शेवटी विचारलं. "ज्याने तिला घराबाहेर काढलं. तिला ताप होता तेव्हा, बाई. पिशवी घेऊन ती घरी पोचली तेव्हा माझ्या हाताला चटका बसला होता तिच्या अंगाचा. त्याला वारस म्हणून बाद करता येत नाही?"

"वारस बाद होतो, पण त्यासाठी त्याने खून केलेला असावा लागतो. किंवा खुनात त्याचा हात असावा लागतो. नुसतं हाकलून देणाऱ्याला बाद करणारं कलम नाही."

"म्हणजे तिला जिवानिशी मारलं नाही, एवढे उपकार केले म्हणून घर बक्षीस!" इस्त्रीवाली कडाडली. "वा रे कायदा!"

"कायद्याला नावं ठेवायची ही जागा नाही," वकीलबाई म्हणाल्या, "पण तुम्ही चुकीचं बोलत नाही आहात."

"मग लढायचं नाही का?"

"लढता येईल. तारखा पडतील, काही काळ निघेल. पण शेवट काय होणार हे मला आत्ताच दिसतंय, आणि अक्कांना खोट्या आशेवर फरफटत नेणं मला पाप वाटतं. मी दिराशी बोलते. मुदत मागते. कुठल्या कागदावर अंगठा मात्र देऊ नका, मला विचारल्याशिवाय."

"सही करते मी," अक्का म्हणाली. "धाकटीने शिकवलीये. थोडी तिरकी येते."

उठताना तिने पुन्हा एकदा बैठकीखाली हात घातला आणि ती जाड गाठ चाचपली. मग इस्त्रीवालीचा खांदा धरला.

*

अक्का देवाशी मोठ्याने बोलत असे. भांडत नसे, नुसतं विचारत असे. त्या संध्याकाळी कामाच्या खोलीत बसून ती म्हणाली, "तुला ठाऊक होतं ना रे? मग बाबांच्या स्वप्नात जाऊन सांगायला काय झालं होतं? एवढी सगळ्यांची काळजी करतोस, एक वाक्य सांगायचं." तिने हात जोडले आणि रोजच्यासारखं नाव घेतलं. रुसून बसायची तिला सवय नव्हती, आणि देवाला सोडलं तर आता बोलायला घरात दुसरं होतं कोण?

तिने आडवी खुर्ची ओढून घेतली. पट्टी भिजवलेली होती. एका हाताने वरून घालायची, मग तोच हात खुर्चीला वळसा घालून खाली न्यायचा, टोक शोधायचं, ओढायचं, दाताने धरायचं, खुंटी ठोकायची. वर अक्का, खालीही अक्काच. काम होत होतं, पण ताण सारखा बसत नव्हता. धाकटीने ओढलेली अर्धी बैठक ढोलकीसारखी वाजत होती, अक्काने ओढलेली अर्धी फुसकी.

काही दिवसांनी दीर पुन्हा आला. या वेळी वकीलबाईंचा फोन झालेला होता, त्यामुळे बूट दाराबाहेर काढून आला.

"ताई, मी सोय केलीये. दुसऱ्या गावात अंध बायकांचं वसतिगृह आहे. मी स्वतः जाऊन बघून आलो. स्वच्छ आहे. जेवण दोन वेळचं. आणि ऐका, तिथे वेतकामसुद्धा चालतं. तुमच्यासारख्या हाताची त्यांना गरजच आहे."

तो खरंच बघून आला होता, हे त्याच्या आवाजावरून कळत होतं. अक्काला वाटलं, हा अजून थोडा दुष्ट असता तर बरं झालं असतं. शिव्या तरी देता आल्या असत्या.

"पाहुणे, एक विचारू? तुम्हाला घर कशाला हवं?"

"मला दोन मुली आहेत, ताई. धंदा बसला. राहतं घर भाड्याचं आहे. आणि त्या वेळी जे झालं... आई हयात होती. तिच्यापुढे माझं काही चालत नव्हतं."

"कुलूप कुणी लावलं?"

दिराचे पाय दाराकडे वळले.

"असू दे," अक्का म्हणाली. "ज्याला जसं जमलं तसं प्रत्येकाने केलं. ही खुर्ची आणि विणायला आलेल्या तिच्या जोडीच्या खुर्च्या, एवढ्या पुऱ्या झाल्या की मी जाते. अर्धी विणलेली खुर्ची टाकून जाणं आमच्या घरात बसत नाही."

"सावकाश, ताई. घाई नाही." जाताना त्याने दार इतकं हळू लावलं की कडीचा आवाजसुद्धा आला नाही.

इस्त्रीवाली समोरून धावत आली. "काय म्हणाला? तू काय म्हणालीस? हो म्हणालीस? अगं वेडे, माझ्याकडे राहा!"

"तुझ्या दुकानात? इस्त्रीच्या टेबलाखाली?"

"हो, टेबलाखाली! काय बिघडलं?" आणि इस्त्रीवाली रडायला लागली. ती रडताना शिव्याच देत होती, पण आता कुणाला देत होती हे तिचं तिलाही सांगता आलं नसतं.

अक्काने तिला पाणी दिलं. मग ती भिंतीला हात लावून घरभर एकदा फिरली. कामाच्या खोलीतली फरशी तळव्याला गुळगुळीत, राहायच्या खोलीतली खरबरीत. चौकटीवर बाबांच्या हातोडीने पडलेली खोक. मोरीच्या पायरीचा तुटका कोपरा, जिथे लहानपणी धाकटी पडली होती आणि मार अक्काला बसला होता. इथे तिला कधी कुणाचा हात धरावा लागला नव्हता. या घराबाहेरच्या कुठल्याही घरात ती पहिल्यांदाच आंधळी असणार होती.

मोरीत आज धुतलेली चादर नळाला बांधलेली होती. बरीचशी आपोआप गळून गेली होती. अक्काने गाठ सोडली. "धर गं," ती म्हणाली, आणि इस्त्रीवालीने पदराने नाक पुसत दुसरं टोक धरलं. दोघींनी पीळ दिला. इस्त्रीवालीने उलट्या बाजूने दिला, त्यामुळे चादर नुसती गरगर फिरली आणि एक थेंबही पडला नाही.

"अगं उलटं!" अक्का म्हणाली.

चादर दोरीवर पडली. इस्त्रीवाली दार ओढून घेत म्हणाली, "उद्या काही आणायचंय का बाजारातून?"

"मीच येते तुझ्याबरोबर," अक्का म्हणाली. "दवाखान्याशेजारच्या दुकानातून मला काठी घ्यायचीये."